बीहडातून आलेल्या गौरी

पाणी चढतंय की नाही हे कळावं म्हणून रामवीरने चंबळेच्या काठाशी, अगदी पाण्याला टेकून, एक काठी रोवली होती. ती मी उपटली. मला बायकोला नकाशा काढून दाखवायचा होता आणि हाताशी दुसरी काठी नव्हती.

मी एकतीस वर्षं शाळेत भूगोल शिकवला. पूर्वी हे मी न विचारता सांगायचो, आता कोणी विचारलंच तर सांगतो.

यंदाही भाद्रपद आलाय. दाना ओली या गल्लीतल्या आमच्या घरात तो आधी नाकाला कळतो. कोंदट कपाटातून बाहेर काढलेली पितळी ताम्हणं, चिंचेने घासल्यावर सुटणारा त्यांचा आंबूस वास, घावनांसाठी भिजवलेले तांदूळ, खासगी बाजारातून आणलेल्या आघाड्याची ओली जुडी. पाऊस मध्येच थांबलेला, वर घामाच्या धारा काढणारं ऊन. आकाश धुतल्यासारखं स्वच्छ. सकाळपासून तीनदा गच्चीवर जाऊन मी ते पाहून आलो. लोकांना ढग दिसले की पुराची भीती वाटते, मला निळं आकाश दिसलं की वाटते. मग मी महूला मेहुण्याला फोन लावतो. तो बिचारा आता सवयीने हसतो. "भाऊजी, इथे थेंब नाही. आज निवांत जेवा," म्हणतो.

महू म्हणजे माझ्या बायकोचं, सुधाचं, माहेर. आणि चंबळेचंही. महूजवळच्या डोंगरात ती उगम पावते, माळव्याच्या काळ्या मातीतून उत्तरेला निघते, कोट्याला धरणाच्या भिंतीला टेकते, मग खडक सोडून आमच्याकडच्या पिवळ्या मातीत उतरते आणि तिथे तिचं डोकं फिरतं. मैलोन् मैल जमीन चिरून ठेवते. त्या चिरांना बीहड म्हणतात. घळीला घळ फुटते, त्या घळीला आणखी एक. वरून पाहिलं तर वाळक्या पानाच्या शिरा दिसाव्यात तसं दिसतं म्हणे. 'म्हणे' अशासाठी की ही सगळी माहिती मला होती, पण मी चंबळ पाहिली होती ती फक्त धौलपूरच्या पुलावरून, आग्र्याला जाणाऱ्या गाडीच्या खिडकीतून, तीही हातात भजी असताना.

हे उघडकीला आलं ते मी ती काठी उपटली त्या वर्षीच्या श्रावणात. मराठी मंडळात मी 'चंबळेचं खोरं : भूगोल आणि इतिहास' या विषयावर दीड तास बोललो. भूगोल उरकून इतिहासात शिरलो. दक्षिणेतून आलेल्या फौजा ही नदी ओलांडून गेल्या, त्यांच्यामागे कारकून आले, भिक्षुक आले आणि त्यांतलाच एक आमचा मूळ पुरुष. आमच्या घरी सांगतात की त्याने चंबळ बैलाची शेपटी धरून ओलांडली. हे मी अशा आवेशात सांगितलं की बैलाचा आणि माझा दोघांचाही ऊर भरून आला. तेवढ्यात पुढच्या रांगेतल्या एका आजोबांनी हात वर केला. "मास्तर, तुम्ही नदी शेवटची पाहिलीत कधी?"

मी जे उत्तर दिलं ते आधी सांगितलंच आहे. भज्यांचा उल्लेख टाळला असता तर बरं झालं असतं. सभागृह पाच मिनिटं हसत होतं. ते हसू थांबावं म्हणून मी माइकवरून जाहीर करून टाकलं, "यंदा आमच्या घरच्या गौरी चंबळेवरून येतील!"

आमच्याकडे खड्यांच्या गौरी असतात. मुखवटे नाहीत, शालू नाहीत. घरच्या सवाष्णीने पाणवठ्यावर जायचं, सात खडे वेचायचे, धुऊन हळदकुंकू लावायचं आणि ताम्हणातून घरी आणायचे. खडा उचलल्यापासून घरच्या उंबऱ्यापर्यंत तिने एक शब्द बोलायचा नाही. आई हे खडे स्वर्णरेखेवरून आणायची. त्या काळी ती नदी होती. पुढे पाणी आटलं, काळं झालं, दोन्ही बाजूंना सिमेंट आलं. मग सुधा शेजारच्या बांधकामावरच्या वाळूच्या ढिगातून खडे वेचू लागली. ती वाळू आमच्याच भागातल्या सिंध नदीची, तेव्हा नदी घरपोच आली असं मी म्हणायचो आणि सुधा, मौनात असल्यामुळे, नुसती बघायची. पण मौन तिने कधी मोडलं नाही. तेहतीस वर्षं, एकही शब्द नाही. एका वर्षी वाटेत पायात काच घुसली, तेव्हाही नाही. आईने जाताना तिला दागिने दिले ते तिने सुनेला देऊन टाकले. हे मौन मात्र तिने स्वतःकडे ठेवलं होतं.

मी घरी येऊन चंबळेचं सांगितलं तेव्हा तिने विचारलं, "तिच्या काठी तीर्थ नाही म्हणतात ना? शापित नदी आहे म्हणे?"

"म्हणूनच स्वच्छ राहिली," मी म्हणालो.

ती जरा वेळ पीठ चाळत राहिली. "माझ्या माहेरची नदी," मग म्हणाली. "शाप द्यायला कोण टपलेलं होतं कोण जाणे. जाऊ या."

निघायच्या आदल्या दिवशी तिच्या भावाचा फोन आला होता. सुधाने सांगितलं, "दादा म्हणतो, तीन दिवस झाले, महूला पाऊस थांबलेला नाही." मी गच्चीकडे बोट दाखवलं. "इथे बघ, ढगाचा ठिपका तरी आहे का?" आता हे लिहितानाही कानशिलं तापतात. माळव्यात पडलेला पाऊस कुठून कुठे जातो हा प्रश्न मी पोरांना दरवर्षी घालायचो आणि चुकलं की बाकावर उभं करायचो.

रामवीर आमच्या शाळेत शिपाई होता. निवृत्त झाल्यावर गावी गेला, आणि त्याचं गाव बीहडाच्या अगदी काठावर. गाडी त्याच्या दाराशी लावून आम्ही तिघं निघालो. तो पुढे, मध्ये सुधा गुडघा सांभाळत, मागे मी ज्ञान सांभाळत. वाट म्हणजे घळीचा कोरडा तळ. दोन्ही बाजूंना दोन-दोन माणसं उंच मातीच्या भिंती, वर विलायती बाभळी, त्यांच्या पलीकडे निळ्या आकाशाची चिंधी. वारा नव्हता. भिंतीतल्या भोकांतून पोपट डोकावून आत जात होते. प्रत्येक वळण मागच्या वळणासारखं. एका जागी घळीला तीन फाटे फुटले होते आणि रामवीर न थांबता मधल्या फाट्यात शिरला. मी मागे वळून पाहिलं, तर आम्ही कुठून आलो ते मला सांगता आलं नसतं. इथे माणसं वर्षानुवर्षं लपून कशी राहिली, हे मी वर्गात शिकवलं होतं. कळलं ते तेव्हा.

मग घळ एकदम उघडली आणि समोर चंबळ.

तिचं वर्णन करायची मला हिंमत नाही. रुंद, मातकट, मुकाट चाललेली. पलीकडचा काठ उन्हात थरथरत होता. सुधा हात जोडून उभी राहिली. रामवीरने मात्र नाक वर करून हुंगल्यासारखं केलं.

"रंग ठीक नईं है, मास्साब."

"पावसाळ्यात नदी गढूळच असणार."

त्याने बाभळीची एक काठी तासून ती पाण्याच्या कडेला रोवली. "जा लकड़ी पे नजर रखियो. पानी जाके ऊपर आवे, तो भाभी को लैके सीधे ऊपर. हम भैंसें देखके आत हैं." पाणी काठीच्या वर आलं की सुधाला घेऊन थेट वर जायचं, असं त्याने बजावलं; त्याच्या दोन म्हशी खालच्या गवतात चरायला सोडलेल्या होत्या. तो काठाकाठाने दिसेनासा झाला.

आम्ही खडे शोधायला लागलो. खडे नव्हते. चिखल होता, गाळ होता, मऊ पिवळी रेती होती, पण गोटा म्हणून नव्हता. आणि मला एकदम आठवलं की हे सगळं खोरं गाळाचं, नद्यांनी आणून टाकलेलं. गोल गोटे असतात ते वर, खडकाळ पात्रात, इथून कितीतरी मागे. हा धडा मी पाठ म्हणून दाखवू शकलो असतो. मंडळातली पुढची रांग डोळ्यांपुढे आली.

सुधाने माझ्याकडे पाहिलं आणि ती घळीच्या भिंतीकडे गेली. तिथे मातीतून पांढरे वेडेवाकडे गोळे डोकावत होते, आल्याच्या गड्ड्यांसारखे.

"हे काय आहे?"

"कंकर," मी म्हणालो. "चुन्याचे. मातीतच तयार होतात."

"म्हणजे इथलेच ना?" तिने सात कंकर सोडवून घेतले, नदीत धुतले, हळदकुंकू वाहिलं. ताम्हण खांद्याला अडकवलेल्या पिशवीत ठेवलं आणि खडे पदराच्या टोकाला गाठ मारून कमरेला खोचले. तिचं मौन सुरू झालं.

आता खरं सांगायचं तर या मौनाची मी वर्षभर वाट पाहतो. घरी मी एक वाक्य पुरं करू शकत नाही. आणि इथे समोर प्रत्यक्ष नदी, श्रोता मुका, ओला गाळ फळ्यासारखा सपाट पसरलेला. मी काठी उपटली.

सुधाच्या पायांशी महू काढलं. तिथून मागे मागे सरकत नदी उत्तरेला नेली, कोट्याला गोल काढला, धौलपूर दाखवलं, पाण्याच्या कडेपर्यंत जाऊन इटाव्याजवळ तिला यमुनेत सोडली. मग परत सुधासमोर येऊन, नदीकडे पाठ करून उभा राहिलो आणि बोलू लागलो.

सुधाने माझ्या मागे बोट दाखवलं.

"हो, ती यमुना. तिच्याकडे मग येऊ."

तिने मान हलवली. पुन्हा बोट. मी वळून पाहिलं तर इटावा पाण्यात गेलं होतं. "लाट आली असेल, एखादी होडी गेली," असं म्हणून मी माळव्याच्या पठारावर परत आलो. काळी माती कापसाला कशी चांगली हे सांगताना तिने माझा सदरा धरून ओढला. "थांब गं, कोटा येऊ दे." कोटा आलाच नाही. चपलेत गार लागलं म्हणून खाली पाहिलं तर धौलपूर बुडालं होतं आणि माझ्या टाचाही.

पुराला आवाज असतो अशी माझी समजूत होती. तिथे कसलाही आवाज नव्हता. मुंग्यांच्या रांगा भिंतीवर चढत होत्या, तेवढीच हालचाल. सुधा वळून घळीकडे चालू लागली होती. पहिल्या वळणावर ती थांबली. तिच्या खांद्यावरून मी पाहिलं.

ज्या वाटेने आलो ती भरली होती. नदीचं पाणी कुठल्या तरी दुसऱ्या फाट्यातून आत शिरून आमच्या मागे आलं होतं आणि चढाकडे चाललं होतं. काटक्या, फेस, शेळ्यांच्या लेंड्या, सगळं उताराच्या उलट, घाई न करता वर सरकत होतं. पाणी वर चढताना मी आयुष्यात पहिल्यांदा पाहत होतो. समोर नदी, मागे नदी, मध्ये आम्ही दोघं आणि चार पावलं रुंद कोरडी जमीन. मी "रामवीर!" अशी हाक मारली. भिंतींनी ती गिळली. फोनला रेंज नव्हती.

भिंत चढायची होती. माती वरून वाळलेली, आतून ओली. हाताने धरलं की ढेकूळ तुटून हातात यायचं. मी खालून सुधाला रेटलं, तिने वरून बाभळीचं मूळ धरलं. तिच्या गुडघ्याचं हाड कटकन वाजलेलं मला खाली ऐकू आलं. ती कण्हलीसुद्धा नाही. ओठ घट्ट दाबलेले, कपाळावर काट्याचा ओरखडा, आणि एक हात कमरेच्या गाठीवर. मला तेव्हा तिचा राग आला, हेही सांगून टाकतो. अशा वेळी बाईने ओरडावं, म्हणजे पुरुषाला धीर देता येतो.

वर आलो तर ती जागा म्हणजे एक टेकाड, आणि चारही बाजूंना तसलीच टेकाडं, मधल्या घळींतून पाणी वर येत असलेलं. शेजारचं टेकाड आमच्याहून उंच होतं. "तिकडे जाऊ," मी म्हणालो, "मधली घळ अजून कंबरभरच असेल." सुधाने मान हलवली आणि खाली बोट दाखवलं. जमिनीवर लेंड्या होत्या. त्यांची एक ओळ टेकाडाच्या मागच्या बाजूला, मातीच्या एका अरुंद धारेवरून, गावाच्या दिशेला गेली होती. शेळ्या रोज त्याच वाटेने जात असणार. दोन घळींच्या मधली धार धरून चाललं की पाणी ओलांडावं लागत नाही. पाणलोटाची रेषा म्हणजे काय ते मी पोरांना फळ्यावर खडूने काढून दाखवायचो. मी तरीही शेजारच्या टेकाडाकडे दोन पावलं टाकली. तेवढ्यात त्या टेकाडाचा अर्धा भाग बाभळीसकट बसला आणि पाण्यात गेला. मी मुकाट्याने सुधाच्या मागे निघालो.

धार आमच्या स्वयंपाकघराच्या ओट्याएवढी रुंद होती. दोन्हीकडे पाणी, तपकिरी, शांत, हातभर खाली. सुधा रांगत पुढे सरकली. मधोमध मी खाली पाहिलं आणि माझं सगळं शरीर थांबलं. हात मातीत रुतवून मी बसलो. पुढे जाता येईना, मागे वळता येईना. बसल्या जागी खालची माती किंचित हलल्याचं जाणवलं.

पुढून टाळी वाजली. मी मान वर केली नाही. दुसरी टाळी. तिसरी, जोरात. मी पाण्याकडेच पाहत होतो. एक काटकी फिरत फिरत वर येत होती.

"अहो."

मी दचकलो.

"पाण्याकडे बघू नका. माझ्या टाचांकडे बघा आणि या."

तेहतीस वर्षं. मी तिच्या टाचांकडे पाहिलं. भेगा पडलेल्या, चिखल माखलेल्या, एक जोडवं निसटून मागे सरकलेलं. पदराचं दुसरं, मोकळं टोक माझ्या पुढ्यात लोंबत होतं, ते मी मुठीत धरलं. एक हात, एक गुडघा. "येताय ना?" ती न वळता म्हणाली. "येतोय." "बोलू नका. या." मागे धप्प असा आवाज झाला. मी वळून पाहिलं नाही, पण नंतर वरून पाहिलं तेव्हा मी बसलो होतो तिथे धार नव्हती, पाणी होतं.

वरच्या शेताच्या बांधावर रामवीर धावत येताना दिसला, धापा टाकत, डोक्याचा गमछा सुटलेला. "मास्साब! लकड़ी नईं देखी का?"

काठी माझ्या काखेत होती. चढताना आधाराला म्हणून घेतली होती, आणि मग सोडायचं राहून गेलं होतं. त्याने काठीकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं, आणि सुधाला हात देऊन बांधावर घेतलं. त्याच्या दोन्ही म्हशी केव्हाच गोठ्यात परतल्या होत्या, आपल्या आपण.

परतीच्या वाटेवर गाडीत सुधा एक अक्षर बोलली नाही. गाडी मी चालवत होतो. ती कमरेची गाठ मांडीवर घेऊन खिडकीबाहेर बघत होती. मौन तर मोडलं होतं, मग हे कसलं मौन? गौरीचं असेल तर ती पुन्हा पहिल्यापासून धरू पाहत होती का? माझ्यावरचं असेल तर ते किती वर्षांचं? एकदा मी धीर करून म्हणालो, "जीव वाचवायला बोललेलं चालत असेल." तिने काच वर केली. दुतर्फा बाजरीची कणसं उन्हात उभी होती, आकाश तसंच निळं, कुठेही काही घडलं नसल्यासारखं. ती गाठ सोडून कंकर रस्त्यात फेकून देईल असं मला दर वळणावर वाटत होतं. तेवढं एकच तिचं होतं, आणि ते मी एका काठीच्या बदल्यात खर्चून आलो होतो.

आजही भाद्रपदात ताम्हण घासल्याचा वास आला की मला आधी ती गाडी आठवते, नदी नंतर. पुराची भीती महूच्या एका फोनने ओसरते. गाडीतल्या त्या दोन तासांची ओसरत नाही.

दुपारी घरी पोचलो. सून, पूर्वा, दारात आरतीचं तबक घेऊन उभी. पाय धुवायला कोमट पाण्याची कळशी, उंबऱ्यापासून देवघरापर्यंत कुंकवाची पावलं काढलेली. आम्हाला पाहून तिचा हात तोंडावर गेला. "अरे बाप रे! बाबा, तुम्ही तर पूरे के पूरे चिखलात! आई, हुआ क्या?" मग तिच्या लक्षात आलं की सासूबाईंना बोलता येणार नाही, आणि तिने तबक सावरलं.

सुधा उंबऱ्यासमोर उभी राहिली. पिशवीतून ताम्हण काढलं. पदराची गाठ सोडायला तिला वेळ लागला, चिखलाने ती आवळली होती. एकेक करून सातही कंकर तिने ताम्हणात ठेवले.

आमच्याकडे गौरी आत घेण्याआधी दारातली विचारते, "गौर आली, काय घेऊन आली?" आणि आणणारीने "सुखसमृद्धी" म्हणायचं, तिथे मौन सुटतं. पूर्वाने तबक ओवाळलं आणि चाचरत विचारलं, "गौर आली, काय घेऊन आली?"

सुधाने ताम्हणाकडे पाहिलं. मग वळून मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं.

"ओझं," ती म्हणाली. "आधी बाहेरच धू, मग आत घे."